खलनायक मुलगी मागतो

इस्तंबूलहून बुर्साच्या बाजूला जाणारी मुदान्याची बोट धक्का सोडून निघाली तरी मुलगी मागायची कोणी, हे काही ठरलं नव्हतं.

रीत तशी साधी. मुलाकडचा सगळ्यांत वडीलधारा माणूस उठतो, ठरलेले चार शब्द बोलतो आणि मुलगी मागतो. या घरात सगळ्यांत वडीलधारे म्हणजे मुलाचे आजोबा वाहित बे, आणि सगळं घोडं तिथंच अडलं होतं.

"बाबा मागणार नाहीत," सुहानं वरच्या डेकवर बसल्या बसल्या पुन्हा एकदा जाहीर केलं. "हिल्मीकाका मागतील. विषय संपला."

"कालपासून तू विषय संपवतोच आहेस," मुआल्ला नवऱ्याला म्हणाली. "संपला असता तर पुन्हा काढला असतास का?"

काल बुर्साहून झुलालचा, म्हणजे जिला मागायला निघाले होते त्या मुलीचा, फोन आला होता. सुहा-मुआल्लाच्या मुलाशी, तुंचशी, ती नेहमी तासभर बोलायची, काल दोन मिनिटांत रडकुंडीला आली. तिची आजी पाकिझे हानम दुपारी शेंगा सोलत टीव्हीपुढं बसली होती आणि एका वाहिनीवर नेमका वाहित बेंचा जुना सिनेमा लागला. त्यात त्यांनी आधी एका अनाथ पोराची खीर लाथेनं उडवली, मग गिरणी पेटवली आणि शेवटी भर लग्नातून नवरीला केसाला धरून फरफटत नेलं. पाकिझे हानमनी टीव्ही बंद केला आणि सांगून टाकलं की या माणसाच्या तोंडून माझ्या नातीचं नाव निघता कामा नये.

"अगं पण तो सिनेमा आहे हे त्यांना कळतं ना?" मुआल्लानं झुलालला विचारलं होतं.

"कळतं हो. आजी म्हणते, सिनेमा आहे हे मलाही ठाऊक आहे. पण जन्मभर मुली ओढून नेलेला माणूस आता चॉकलेटं घेऊन सरळ दारातून येणार, हे माझ्या मनाला पटत नाही."

बुर्साच्या त्या घरात पाकिझे हानमचा शब्द म्हणजे कायदा. झुलालचा बाप टॉवेलांचा कारखाना चालवायचा, शंभर माणसांवर ओरडायचा, पण आईपुढं तोंडात मूग धरून बसायचा. म्हातारी नाही म्हणाली की लग्न मोडलंच. तुंचच्या तोंडचं पाणी पळालं होतं. बोटीवर तो फुलांचा गुच्छ मांडीवर घेऊन असा बसला होता, की बघणाऱ्याला वाटावं, पोरगा कुणाच्या तरी कबरीवर निघालाय.

वाहित बेंना मात्र या सगळ्याची मजा वाटत होती, निदान ते तसं दाखवत तरी होते. मघाशी चहाच्या रांगेत एका बाईनं त्यांना ओळखलं आणि "तुझे हात झडोत रे मेल्या!" म्हणून सगळ्यांदेखत शाप दिला. त्यांनी वाकून, थोरांना मान देतात तसा, तिचा हात कपाळाला लावला. बाई इतकी गोंधळली, की आपल्या पिशवीतलं सिमित, ते तीळ लावलेलं पावाचं कडं, काढून तिनं अर्धं त्यांना दिलं. ते अर्धं सिमित चघळत ते परत आले.

"नाटकात टाळ्या मिळायच्या, सिनेमात शिव्या मिळाल्या," ते मुआल्लाला म्हणाले. "पण खायला मात्र सिनेमानंच घातलं, बघ."

ते खरंच होतं. उस्कुदारच्या एका शिंप्याचा हा पोरगा. पंधराव्या वर्षी घरातून पळाला आणि तंबूतल्या नाटककंपनीत शिरला. अंगात गुण पुष्कळ होते, पण कंपनीला नट नको होता, प्रॉम्प्टर हवा होता. म्हणून पहिली काही वर्षं रंगमंचापुढच्या खोक्यात बसून दुसऱ्यांना वाक्यं पुरवण्यात गेली. मग एकदा सिवासमध्ये नायक दारू पिऊन पडला आणि खोक्यातला मुलगा वर आला. सगळ्यांचीच वाक्यं त्याला पाठ होती. पुढं इस्तंबूलची मोठी नाटकं आली. राजे केले, प्रियकर केले, अधूनमधून रेडिओवरही बोलले. मग एका प्रयोगात जळता दिवा गालावर फुटला. गाल भरून आला, पण वण राहिला, आणि त्या वणावर सिनेमावाल्यांची नजर पडली.

त्या काळी सिनेमा आवाजाविना चित्रित करायचे आणि आवाज मागाहून भरायचे. वाहित बे हिवाळाभर नाटकाच्या दौऱ्यावर, मग आवाज भरायला येणार कोण? स्टुडिओनं त्यांच्या तोंडात दुसऱ्याचा आवाज घातला. हौदातून यावा तसा घोगरा, दांडगा. तो आवाज ज्याचा होता तो गृहस्थ मुलखाचा भित्रा. घरी कॅनरी पाळायचा आणि मांजर दिसलं तर रस्ता बदलायचा. पण पडद्यावर या चेहऱ्याला तो आवाज असा चिकटला, की बाजारात वाहित बे आपल्या मऊ आवाजात टोमॅटोचा भाव विचारायला लागले की भाजीवाले म्हणायचे, "काय उस्ताद, घसा बसलाय का?"

हे सगळं ऐकायला गमतीचं आहे, पण सुहाला त्यात कधीच गंमत वाटली नाही, आणि मुआल्लाला त्याचं कारण माहीत होतं. लहानपणी शेजारच्या बायका त्याला पाहिलं की आपली पोरं घरात घ्यायच्या. एकदा शाळेत मुलांनी त्याला झाडाला बांधून ठेवलं होतं. आदल्या रविवारी त्याच्या बापानं पडद्यावर कुणाला तरी बांधलं होतं, त्याचा हा सूड. संध्याकाळी शिपायानं त्याला सोडवलं, आणि बाप तेव्हा कुठंतरी दौऱ्यावर. तेव्हापासून सुहा बापाच्या नावापासून जो चार हात लांब राहिला तो राहिला. स्वतःच्या लग्नाच्या वेळी मुआल्लाला मागायला जायची तारीख त्यानं नेमकी अशी धरली, की वाहित बे एर्झुरुमला नाटक करत होते. तेव्हाही हिल्मीकाकांनीच मागणी घातली होती. हे नुसतं जमून आलेलं नव्हतं, हे मुआल्लाला लग्नानंतर कळलं. सासऱ्यांना ते कळलंय की नाही, हे मात्र तिला आजवर समजलं नव्हतं.

हिल्मीकाका, म्हणजे वाहित बेंचे धाकटे भाऊ, बोटीच्या कठड्याशी उभे राहून समुद्राला मागणी घालत होते. आयुष्यभर त्यांनी औषधाचं दुकान चालवलं होतं आणि बोलण्याची त्यांना भारी हौस. "सन्माननीय कुटुंबीयहो!" ते लाटांना म्हणाले.

"हिल्मी, छोटं ठेव," वाहित बे ओरडले. "मुलगी मागायची आहे, निवडणूक लढवायची नाहीये!"

"दादा, तू मला शिकवू नकोस. ही माझी दुसरी वेळ आहे. तुझी एकही झालेली नाही!"

वाहित बे हसले, पण हसू लवकर आवरलं. थोड्या वेळानं ते मुआल्लाला हळूच म्हणाले, "बरोबर बोलतो तो. तुझ्या वेळी मी एर्झुरुमला होतो. या वेळी निदान त्या खोलीत तरी असेन. तेवढं पुरे आहे मला."

त्यांना सगळं माहीत होतं. मुआल्लाला एकदम भडभडून आलं. ती उठून नवऱ्याशेजारी जाऊन बसली. "सुहा, त्यांना मागू दे. नातू आहे त्यांचा."

"आणि म्हातारीनं हाकलून दिलं तर? तुंचचं काय?" सुहा समुद्राकडं बघत म्हणाला. "त्या चेहऱ्यापायी माझं बालपण गेलं, मुआल्ला. माझ्या मुलाचं लग्न नाही जाऊ देणार."

त्याचंही खोटं नव्हतं.

बुर्सात दारातच चपला निघाल्या, पायात घरच्या सपाता आल्या, हातावर पाहुणचाराचं सुगंधी कोलोन पडलं. झुलालचे वडील रेम्झी बे सगळ्यांना "या, या" म्हणत होते आणि दर "या"नंतर आईकडं बघत होते. पाकिझे हानम खिडकीशी खुर्चीत ताठ बसल्या होत्या. डोक्यावर मोतिया रंगाचा रुमाल, मांडीवर हात. त्यांनी मुआल्लाचं स्वागत केलं, सुहाचं केलं, हिल्मीकाकांची तब्येत विचारली, तुंचला डोक्यापासून सपातांपर्यंत तपासलं. वाहित बेंची पाळी आली तशी त्या खिडकीतून बाहेर बघायला लागल्या. बाहेर बघण्यासारखं एक विजेचा खांब सोडला तर काही नव्हतं.

वाहित बे गुमान मागच्या बाजूला, सोफ्याच्या पाठीमागं ठेवलेल्या एका खुर्चीवर जाऊन बसले. बरं दिसावं म्हणून सुहा त्यांच्या शेजारी बसला. खरं म्हणजे बाप मध्येच काही बोललाच तर आवरायला.

मग जे सगळीकडं होतं ते सुरू झालं. बोट कशी होती? छान होती. गर्दी होती का? होती थोडी. यंदा पीच कसे आहेत? यंदा पीच बरे आहेत. मुआल्लानं साखरेतल्या चेस्टनटची तारीफ केली. रेम्झी बेंनी चेस्टनटच्या भावावर पाच मिनिटं काढली, आणि सगळ्यांनी इतक्या आपुलकीनं ऐकलं की जणू खोलीतल्या प्रत्येकाचा तोच धंदा आहे.

झुलाल कॉफीचा ट्रे घेऊन आली. तुंचच्या कपात रिवाजाप्रमाणं साखरेऐवजी मीठ होतं. तुंचनं एक घोट घेतला, डोळ्यांत पाणी आलं, तरी उरलेली कॉफी त्यानं एका दमात संपवली आणि "फार छान झालीय" म्हणाला. झुलालची आई तोंडाला पदर लावावा तसा ट्रे लावून हसली. पाकिझे हानमच्या ओठांचा कोपराही किंचित हलला. मुआल्लाचा जीव अर्धा भांड्यात पडला.

आणि हिल्मीकाका उठले.

त्यांनी कोटाचं बटण लावलं. घसा साफ केला. "सन्माननीय कुटुंबीयहो!" म्हणाले. पुढं बुर्साचा इतिहास आला, हवा आली, औषधी झरे आले. रेम्झी बे मान डोलवत होते. मग हिल्मीकाका मुद्द्याशी आले, आणि त्याच क्षणी पाकिझे हानमनी खांबावरची नजर काढून थेट त्यांच्यावर रोखली.

हिल्मीकाकांची बोबडी वळली. "म्हणून आम्ही... म्हणजे आज... या ठिकाणी..." समुद्रापुढं कोसळणारा धबधबा आटला. स्वयंपाकघरातला नळ गळताना ऐकू यायला लागला. तुंचनं डोळे मिटून घेतले.

"अल्लाहच्या हुकमानं..." मागून कुजबुज आली.

वाहित बे होते ते. त्यांनी ते मुद्दाम केलं नव्हतं, हे मुआल्ला कुठंही शपथेवर सांगेल. समोर कुणाचं वाक्य अडलं की त्यांच्या तोंडून पुढचं निघायचं, जसं कुणी शिंकलं की आपल्या तोंडून निघतं तसं. मान खाली, हात गुडघ्यांवर, ओठ जेमतेम हललेले. पण ती नाटकातली कुजबुज. तंबूच्या शेवटच्या रांगेपर्यंत जाणारी.

"अल्लाहच्या हुकमानं!" हिल्मीकाका बुडत्यानं दोर धरावा तसे ओरडले. आणि पुन्हा अडले.

"आणि पैगंबरांच्या वचनानं..."

"आणि पैगंबरांच्या वचनानं!"

"तुमच्या लाडक्या लेकीला, झुलालला..."

"तुमच्या लाडक्या..."

"थांबा!" पाकिझे हानम म्हणाल्या.

सुहानं वडिलांचा दंड धरला. संपलं सगळं, असं मुआल्लाला वाटलं. तिनं मनातल्या मनात फुलांचा गुच्छ परतीच्या बोटीवर नेऊनही ठेवला.

"हिल्मी बे, तुम्ही बसा," म्हातारी म्हणाली. "हे मागून कोण बोललं?"

मग वाहित बे उभे राहिले. "माफ करा हानम. सवय आहे, जात नाही."

पाकिझे हानमनी डोळे मिटले. "पुन्हा बोला."

"काय बोलू?"

"काहीही बोला हो! पीचबद्दल बोला!"

"यंदा पीच बरे आहेत," वाहित बे गोंधळून म्हणाले, "असं रेम्झी बे म्हणत होते."

"डॉक्टर रेम्झी," पाकिझे हानम डोळे न उघडताच म्हणाल्या.

सगळ्यांनी रेम्झी बेंकडं बघितलं. ते म्हणाले, "आई, मी डॉक्टर नाही. मी टॉवेल करतो."

"तू गप्प बस. तुझं नाव ज्याच्यावरून ठेवलं तो डॉक्टर होता." म्हातारीनं डोळे उघडले, त्यांत पाणी होतं आणि ते लपवायची तिला गरज वाटत नव्हती. "माझं नवीन लग्न झालं होतं. दर गुरुवारी रेडिओवर नाटक लागायचं. डॉक्टर रेम्झी गरीब असतो, मुलीचा बाप त्याला मुलगी देत नाही, तो लांब बर्फाच्या गावात निघून जातो. मी लोकर विंचरायची आणि रडायची. त्या बापाला तर मी अख्खा हिवाळा शिव्या घातल्या. पण तो आवाज कुणाचा, ते कधी कळलंच नाही. नाटक संपलं रे संपलं की सासूबाई वीज जळते म्हणून रेडिओ बंद करायच्या. नावं त्याच्यानंतर सांगायचे ना!"

"आई!" रेम्झी बे उडालेच. "तू तर सांगायचीस, माझं नाव अब्बांच्या लष्करातल्या दोस्तावरून ठेवलंय!"

"तुझ्या अब्बांना काय सांगणार होते मी? रेडिओवरच्या बाप्यावरून ठेवलंय म्हणून?"

आता मात्र झुलालच्या आईला हसू आवरेना. ती ट्रे घेऊन स्वयंपाकघरात पळाली आणि तिथून तिचा खिदळण्याचा आवाज यायला लागला. तुंचनं एक डोळा उघडला.

वाहित बे तसेच उभे होते. "हानम," ते म्हणाले, "ते नाटक मी तापात केलं होतं. शेवटच्या भागात घसा धरला होता माझा."

"आम्हाला वाटलं, डॉक्टर रडतोय."

"तोही रडत होताच."

पाकिझे हानमनी पहिल्यांदा त्यांच्या तोंडाकडं सरळ पाहिलं. तो वण, त्या जाड भुवया, सगळं नीट पाहिलं. मग मान हलवली. "एवढा आवाज देवानं दिला आणि तुम्ही त्या मेल्या घोगऱ्याला तोंडात घेऊन आमच्या मुली ओढत बसलात! लाज नाही वाटली?"

"पोरगं शिकत होतं, हानम," वाहित बे म्हणाले. "डॉक्टर रेम्झीच्या पगारात त्याची वह्या-पुस्तकंसुद्धा आली नसती."

त्यांनी हे कुणाला ऐकवायला म्हटलं नव्हतं. विचारलं म्हणून सांगितलं. पण सुहानं धरलेला दंड हळूच सोडला. त्याच्या चेहऱ्याकडं बघायचं मुआल्लानं टाळलं. काही गोष्टी माणसाला एकट्यानं ऐकू द्याव्यात.

"बरं," पाकिझे हानम खुर्चीत सरसावून बसल्या. "आता हे असं मागून मागून नको. पुढं या आणि मागा. तुमच्या स्वतःच्या आवाजात."

वाहित बे सोफ्याला वळसा घालून पुढं आले. कोटाचं बटण लावलं. जन्मभर ज्यानं हजारो माणसांपुढं राजे उभे केले, त्याला चार शब्द बोलायचे होते, आणि तेही लहान पोरालासुद्धा पाठ असतात ते. त्यांनी तोंड उघडलं.

काहीच आलं नाही.

पहिल्यांदा मुआल्लाला वाटलं, हे ताणतायत, नटाची खोड. मग तिला त्यांचा हात दिसला. लावलेलंच बटण तो पुन्हा पुन्हा लावत होता. ते तुंचकडं बघत होते, झुलालकडं बघत होते, आणि डोळे काठोकाठ भरले होते. हिल्मीकाकांनी मदत करायला तोंड उघडलं. मुआल्लानं त्यांच्या सपातेवर आपला पाय दाबला. त्यांनी ते मिटलं.

"अल्लाहच्या हुकमानं..."

कुजबुज सोफ्याच्या मागून आली. जरा फाटकी, जरा घाईची. ज्यानं आयुष्यात कधी कुणाला वाक्य पुरवलं नाही अशा माणसाची. सुहा खुर्चीच्या कडेवर पुढं झुकून बसला होता, हात गुडघ्यांवर, थेट बापासारखा.

रंगमंचावर प्रॉम्प्टरकडं बघायचं नसतं, हा नटाचा पहिला धडा. वाहित बेंनी तो मोडला. मान वळवून त्यांनी मुलाकडं पुरतं पाहिलं. मग पुन्हा पाकिझे हानमकडं वळले, आणि अल्लाहच्या हुकमानं, पैगंबरांच्या वचनानं त्यांनी झुलालला आपल्या नातवासाठी मागितलं, सावकाश, एकेका शब्दाला त्याची जागा देत. त्या मऊ आवाजानं खोली भरून गेली. स्वयंपाकघरातलं खिदळणंही थांबलं.

"दिली," पाकिझे हानम म्हणाल्या. रेम्झी बेंनी तोंड उघडलं होतं, कारण देणं हे बापाचं काम. पण त्यांनी ते तसंच मिटून घेतलं आणि मान डोलवली.

मग एकच कालवा झाला. हात हातात, गालाला गाल, तुंचला कुणीतरी पाणी दिलं, हिल्मीकाका ज्याला त्याला सांगायला लागले की सुरुवात मीच केली होती. त्या गर्दीतून वाट काढत सुहा वडिलांपुढं आला. बोलायचा त्याला सराव नव्हता. त्यानं बापाचा हात घेतला, ओठांना लावला, कपाळाला लावला, आणि तसाच धरून ठेवला.

वाहित बेंनी नाक ओढलं. "उशीर केलास," ते म्हणाले. "चांगला प्रॉम्प्टर नट अडकायच्या आधी वाक्य देतो."

"पहिलाच प्रयोग होता, बाबा," सुहा म्हणाला.